घंटेत साठलेला आवाज : वसईच्या घंटा इतिहास म्हणून ऐकताना

(वसई येथे झालेल्या जाहीर व्याख्यानाचे शब्दांकन. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे. शेवटी निवडक प्रश्नोत्तरे दिली आहेत.)



अद्भुत कथांमध्ये एक वस्तू पुन्हा पुन्हा भेटते. कुठल्याशा डोंगरात एक खनिज सापडतं. दिसायला साधा दगड. पण त्याच्याजवळ जे बोललं गेलं, जे वाजलं, ते त्याच्यात साठून राहतं. शंभर वर्षांनी कुणी त्याला हात लावला की आवाज पुन्हा ऐकू येतो. लहानपणी असं काही वाचलं की मजा वाटते. इतिहासाचा अभ्यास करू लागलो की मात्र हेवा वाटतो. कारण आमच्याकडे कागद आहेत, नाणी आहेत, शिलालेख आहेत, पडक्या भिंती आहेत. आवाज नाही.

तुम्ही आपल्या वसईच्या किल्ल्याचंच घ्या. १७३९ सालच्या वेढ्याबद्दल मराठी पत्रं आहेत, पोर्तुगीज कागद आहेत, इंग्रजांच्या नोंदी आहेत. कोणता मोर्चा कुठे होता, सुरुंग कुठे लावले, तह कधी झाला, हे सगळं सांगता येतं. पण त्या दिवसांत या गावात कानाला काय ऐकू येत होतं? ते एकाही कागदात नाही. असूच शकत नाही.

तर आजचा प्रश्न असा आहे. ध्वनी साठवणारं खनिज खरोखर असतं का? आणि असलं, तर वसईचा आवाज त्यात कुठे सापडतो का?

आवाज साठवणारे पदार्थ

पहिल्या प्रश्नाचं अर्धं उत्तर सोपं आहे. एडिसननं १८७७ साली फोनोग्राफ केला, आणि माणसानं साठवलेला आवाज पुन्हा ऐकण्याची सोय झाली. पुढे तबकड्या आल्या. आपल्या घरातल्या जुन्या, काळ्या, ७८ फेऱ्यांच्या तबकड्या आठवा. त्या लाखेच्या असत. लाख म्हणजे झाडावरच्या किड्याचा स्राव. पण नुसती लाख ठिसूळ आणि मऊ, म्हणून त्यात दगडाची वस्त्रगाळ पूड मिसळायचे. पाटीच्या दगडाची पूडही त्यात असे. म्हणजे १९०२ साली कलकत्त्यात गौहरजान गायल्या, त्यांचा आवाज शेवटी लाख आणि दगड यांच्या मिश्रणावर उमटून घराघरात गेला. नंतर आली टेप. कॅसेटमधली ती तपकिरी पट्टी आठवते ना? तो तपकिरी रंग लोखंडाच्या ऑक्साइडचा. अगदी गंजाचा भाऊच म्हणा. लताबाईंचं गाणं, भीमसेनजींचा अभंग, घरातल्या आजोबांचं बोलणं, हे सगळं आपण लोखंडाच्या भुकटीत साठवून ठेवलं होतं. कथेतलं खनिज आपल्या कपाटात होतं, आपल्याला त्याचं नवल वाटलं नाही, इतकंच.

पण हे सगळं १८७७ नंतरचं. त्याआधीचं काय? त्याआधीचा माणसाचा आवाज जवळजवळ सगळाच गेला तो गेला. शिवाजी महाराज कसे बोलत, तुकोबा कीर्तनात कसा सूर लावत, हे आपल्याला कधीही कळणार नाही.

एक वस्तू मात्र अशी आहे की जिचा स्वतःचा आवाज तिच्या जन्माच्या दिवशीच तिच्यात कायमचा घातला जातो. ती म्हणजे घंटा.

इथे घाईनं पुढे जायला नको. घंटा दुसऱ्याचा आवाज साठवत नाही. तिच्याजवळ कोण बोललं, कोण रडलं, ते ती सांगणार नाही. ती फक्त स्वतःचा आवाज सांभाळते. पण तो फार प्रामाणिकपणे सांभाळते. वीणेच्या तारा बदलतात, तबल्याची पुडी बदलते, सनईची पत्ती बदलते. ही वाद्यं रोज नव्यानं लावावी लागतात. घंटा एकदाच लागते, साच्यात धातू ओततात तेव्हा. तडा गेला नाही, कानस लावली नाही, फार झिजली नाही, तर दोनशे-तीनशे वर्षांनी टोल दिला की जवळजवळ तोच स्वर येतो. अठराव्या शतकातल्या कानांनी जे ऐकलं, ते आज आपल्या कानांनी ऐकण्याचा याहून सरळ मार्ग माझ्या माहितीत नाही.

तांबे आणि कथील

हा आवाज कशात साठतो? कांशात. कांसं म्हणजे तांबं आणि कथील. कथील आपल्या ओळखीचं आहे. पूर्वी दारावर कल्हईवाला यायचा, पितळी भांड्याला आतून पांढरा मुलामा द्यायचा, ते कथील. घंटेच्या कांशात साधारण ७८ भाग तांबं आणि २२ भाग कथील असतं. नुसतं तांबं मऊ असतं, त्यावर ठोकलं तर बद्द वाजतं. कथील मिसळलं की धातू कडक होतो आणि नाद लांबतो. पण कथील वाढलं की ठिसूळपणाही वाढतो. म्हणजे उत्तम वाजणारी घंटा ही नेहमी फुटण्याच्या काठावरच असते. हे लक्षात ठेवा, शेवटी उपयोगी पडेल.

आता याच दोन धातूंची दुसरी वस्तू कोणती? तोफ. कांशाच्या तोफेत कथील कमी, साधारण दहावा हिस्सा. कारण तोफेनं वाजायचं नसतं, दारूचा धक्का सोसायचा असतो. म्हणजे घंटा वितळवून वर तांबं घातलं की तोफ होते. घंटा आणि तोफ या एकाच घरातल्या बहिणी आहेत आणि इतिहासात त्या एकमेकींच्या जिवावर उठलेल्या आहेत. ओतारीही पुष्कळदा तेच. सतराव्या शतकात गोवा आणि मकाव इथं बोकारो नावाचं घराणं होतं. त्यांतल्या मानुएल तावारिश बोकारोनं मकावात तोफाही ओतल्या आणि घंटाही.

घंटेचा स्वर ठरतो तो आकारावरून, जाडीवरून आणि धातूवरून. सगळी मापं दुप्पट केली तर स्वर एक सप्तक खाली उतरतो आणि वजन आठपट होतं. म्हणून मोठी घंटा इतकी महाग. युरोपातल्या चर्चच्या घंटेची आणखी एक खूण आहे. तिचा टोल नीट ऐकला तर एकच स्वर ऐकू येत नाही. षड्ज धरला तर त्याच्याबरोबर कोमल गंधार ऐकू येतो, वर पंचमाच्या आसपास काहीतरी असतं, तार षड्ज असतो आणि सगळ्यात शेवटपर्यंत घुमत राहतो तो खालचा खर्ज. तो कोमल गंधार तिच्या आकारातूनच येतो. घंटेच्या आवाजात आपल्याला जी थोडी उदास छटा वाटते ना, ती पुष्कळशी या कोमल गंधाराची. आपल्याकडच्या देवळातल्या लहान घंटांचा घाट वेगळा, म्हणून त्यांचा नादही वेगळा.

बासाईंच्या मनोऱ्यांवर

आता आपल्या गावाकडे येऊ. गुजरातच्या बहादूरशहानं २३ डिसेंबर १५३४ च्या तहानं वसई पोर्तुगीजांना दिली. पुढची दोनशे वर्षं हे त्यांचं बासाईं. उत्तर प्रांताचं मुख्य ठाणं. किल्ल्याच्या आत फ्रान्सिस्कन, जेझुइट, डोमिनिकन, ऑगस्टिनियन अशा वेगवेगळ्या पंथांची चर्च आणि मठ उभे राहिले. सेंट जोसेफ चर्चचा मनोरा आजही तुम्ही आम्ही पाहतो. त्याच्या दारावरच्या लेखात १६०१ साल आहे. तटाबाहेर, बागायतीच्या पट्ट्यात, गावोगावी चर्च झाली. नंदाखालचं चर्च सोळाव्या शतकातलं.

इतके मनोरे म्हणजे किती घंटा असतील, याचा हिशेब मी देणार नाही. पण त्या करत काय होत्या, ते सांगता येतं. त्या काळी घरात घड्याळ नव्हतं. सकाळ, दुपार आणि संध्याकाळ, तीन वेळा प्रार्थनेची घंटा. मिसेची घंटा. सणाची वेगळी, मयताची वेगळी. धोक्याची आणखी वेगळी. शेतावर वाकलेल्या माणसाला मान वर न करता कळायचं की गावात काय झालं. अलँ कोर्बँ या फ्रेंच इतिहासकारानं फ्रान्समधल्या खेड्यांच्या घंटांवर एक मोठं पुस्तक लिहिलं आहे. त्याचं म्हणणं साध्या शब्दांत असं की घंटेचा आवाज जिथवर जातो तिथवर गाव. शीव नकाशात असते, पण गाव कानात असतं. वसईच्या जुन्या माणसांना हे समजावून सांगावं लागणार नाही. पापडी, सांडोर, निर्मळ, आगाशी इथल्या मंडळींना आपल्या चर्चची घंटा आणि शेजारच्या चर्चची घंटा डोळे मिटूनही वेगळी ओळखता येते.

हेही विसरता कामा नये की याच काळात या मुलखात देवळं पाडली गेली, लोकांवर धर्माच्या बाबतीत जुलूम झाला. त्यामुळे एकाला जो आवाज आपलेपणाचा, तोच दुसऱ्याला सत्तेचा वाटत असणार. घंटा एकच, ऐकणारे दोन.

१७३९

मोहीम सुरू झाली १७३७ साली. अणजूरच्या गंगाजी नाईकांनी आणि त्यांच्या भावांनी त्यासाठी कशी खटपट केली, ते साष्टीच्या बखरीत आहे. आधी ठाणं आणि साष्टी घेतली. मग १७३९ च्या सुरुवातीला माहीम, तारापूर. आणि फेब्रुवारीत चिमाजी अप्पांनी वसईला वेढा घातला. शेवटी शेवटी मल्हारराव होळकर आणि राणोजी शिंदेही येऊन मिळाले. बुरुजाखाली सुरुंग भरले गेले. काही ठरल्या वेळी उडाले, काही उशिरा उडाले आणि आपल्याच माणसांवर दगड पडले. दोन्ही बाजूंनी माणसं फार मेली.

१६ मे १७३९ रोजी तह झाला. त्याची कलमं इंग्रजीत वाचायची असतील तर जे. गर्सन द कुन्हा यांचं चौल आणि वसईवरचं १८७६ चं पुस्तक आहे. त्यातला एक तपशील आजच्या विषयाचा आहे. पोर्तुगीज शिबंदीनं शस्त्रं हातात घेऊन, निशाणं फडकवत आणि नगारे वाजवत बाहेर पडावं, असं ठरलं. मानानं बाहेर पडणं म्हणजे काय, तर आवाज करत बाहेर पडणं. गप्प बसवून हाकलणं हा अपमान. मागे राहणाऱ्या ख्रिस्ती रयतेला आपला धर्म पाळता येईल, हेही त्या तहात होतं. २३ मे रोजी पोर्तुगीज निघून गेले. नगारे दूर गेले. आणि मग किल्ल्यातल्या मनोऱ्यांवरच्या घंटा उतरवल्या जाऊ लागल्या.

घंटा कुठे गेल्या

महाराष्ट्रातल्या अनेक देवळांत आज युरोपीय घडणीच्या घंटा आहेत आणि बहुतेक ठिकाणी एकच गोष्ट सांगतात : चिमाजी अप्पांनी वसईहून आणली. नाशिकला गोदाकाठी नारोशंकराचं देऊळ. भीमाशंकरला शनीच्या देवळासमोर दोन खांबांत टांगलेली. पालीला बल्लाळेश्वराकडे. थेऊरला चिंतामणीकडे. वाईजवळ मेणवलीला, नाना फडणवीसांच्या घाटावर. यांतल्या काहींवर क्रूस आहे. मेणवलीच्या घंटेवर बाळ येशूला घेतलेली मारिया आहे, आणि साल आहे १७०७. नाशिकच्या घंटेवर साल आहे १७२१.

ही सालं आपल्याला बोलकी वाटली पाहिजेत. १७०७ म्हणजे औरंगजेब गेला आणि शाहूमहाराज सुटून आले ते वर्ष. १७२१ म्हणजे बाजीरावांना पेशवाई मिळून एक वर्ष झालेलं, आणि पोर्तुगीज-इंग्रज मिळून कान्होजी आंग्र्यांच्या कुलाब्यावर चालून गेले आणि हात हलवत परतले, ते वर्ष. त्या वर्षांचा एखादा आवाज आपल्याला ऐकायचा असेल तर तो मेणवलीला आणि नाशिकला टांगलेला आहे.

आता जरा वकिली करू. परंपरा सांगते की घंटा वसईच्या. आपण तपासायचं कसं?

पहिली गोष्ट, अक्षरं पाहा. उठावाची आहेत की कोरलेली? घंटा ओतताना आतला गाभा करतात, बाहेरचा साचा करतात, आणि मधल्या पोकळीत धातू ओततात. अक्षरं आणि चित्रं त्या साच्यातच बसवलेली असतात. म्हणून उठावाचं साल म्हणजे जन्माचं साल. स्वर आणि साल एकाच क्षणी थिजलेले. छिन्नीनं कोरलेला मजकूर मात्र नंतर कधीही घालता येतो.

दुसरी गोष्ट, सालाची वजाबाकी करा. साल १७३९ च्या आधीचं असेल तर परंपरा खरी असू शकते. सिद्ध होत नाही, फक्त शक्य होते. साल नंतरचं असेल तर ती घंटा या मोहिमेतली नाही, विषय संपला. मेणवली आणि नाशिक या पहिल्या परीक्षेत पास होतात.

तिसरी गोष्ट, आणि ही मला सगळ्यात महत्त्वाची वाटते : देऊळ कधीचं? नारोशंकराचं देऊळ १७४७ चं. म्हणजे वसईनंतर आठ वर्षांनी. मेणवलीचं तर आणखी गमतीचं आहे. नाना फडणवीसांचा जन्म १७४२ चा. वसई पडली तेव्हा नाना जन्मलेलेच नव्हते! त्यांचा वाडा आणि घाट अठराव्या शतकाच्या उत्तरार्धातला. मग १७०७ ची घंटा १७३९ साली उतरवली असेल, तर मधली कित्येक वर्षं ती कुठे होती? कुणाच्या कोठारात? दुसऱ्या एखाद्या देवळात? की ती वसईची नव्हेच, साष्टीची किंवा चौल-रेवदंड्याची आहे? कारण हा सगळाच मुलूख त्या तीन-चार वर्षांत पोर्तुगीजांच्या हातून गेला. लोकांच्या बोलण्यात हे सगळं मिळून ‘वसईची घंटा’ झालं, कारण विजय वसईच्या नावानं ओळखला गेला.

म्हणून आपण असं म्हणू : या घंटा वसईच्या मोहिमेच्या आहेत असं परंपरा सांगते, सालं तिच्या आड येत नाहीत, पण प्रत्येक घंटा थेट या किल्ल्यातल्या मनोऱ्यावरून गेली असं ठामपणे म्हणण्यासाठी प्रत्येकीची स्वतंत्र चौकशी व्हायला हवी.

मोडीत का गेल्या नाहीत

आता मघाची तोफ आठवा. युद्धाच्या काळात हजारो रत्तल कांसं हाती आलंय. ते वितळवायचं सोडून कुणी डोंगरांतून भीमाशंकरला नेईल का?

जगभर काय झालं ते बघा. १७०० साली नार्वाच्या लढाईत रशियाच्या पीटरच्या तोफा गेल्या. त्यानं आपल्याच देशातल्या चर्चच्या घंटा उतरवून नव्या तोफा ओतल्या. राज्यक्रांतीनंतरच्या फ्रान्समध्ये घंटांची नाणी पाडली, तोफा केल्या. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी युरोपभरातून सुमारे पावणेदोन लाख घंटा गोळा केल्या, त्यांतल्या बहुसंख्य वितळल्या. हॅम्बुर्गच्या बंदरात रांगेनं मांडून ठेवलेल्या घंटांना लोक घंटांचं कब्रस्तान म्हणत. म्हणजे घंटेला खरी भीती परधर्माची नसते, धातूच्या भावाची असते.

मराठ्यांनी सगळ्याच घंटा वाचवल्या असं माझं म्हणणं नाही. पण ज्या वाचल्या त्या एका साध्या नियमामुळे वाचल्या. एकदा वस्तू देवाला वाहिली की ती मोडीत काढायची नाही. विजयाची खूण म्हणून नेली, हे खरंच. त्यात अभिमान होता, त्यात हरलेल्याचं दुःखही होतं. पण देवाच्या दारात टांगल्यावर ती खूण राहिली नाही, ती देवाची घंटा झाली. आणि लक्षात घ्या, तिच्यावरचा क्रूस, तिच्यावरची मारिया कुणी घासून काढली नाही. पिढ्यान्‌पिढ्या पुजाऱ्यांनी, भाविकांनी ती तशीच वाजवली. हे मला कुठल्याही भाषणापेक्षा जास्त सांगणारं वाटतं.

स्वर तोच, काम वेगळं

आवाज तोच राहिला तरी एक मोठा बदल झाला. चर्चच्या मनोऱ्यावरची घंटा वरून गावाला बोलावते. देवळातली घंटा खालून देवाला सांगते, की मी आलोय. तिथे वाजवणारा एक आणि ऐकणारं सगळं गाव. इथे वाजवणारं सगळं गाव आणि ऐकणारा एक. तीच घंटा, तोच कोमल गंधार, पण संवादाची दिशा उलटली.

नाशिकला मात्र गंमत झाली. नारोशंकराची घंटा उंच जागी, आवाराच्या भिंतीवर बसवलेली. म्हणजे ती पुन्हा गावाची झाली. दूरवर ऐकू जाणारी म्हणून तिची ख्याती झाली, आणि गोदावरीच्या महापुराच्या आठवणी सांगताना पाणी घंटेपर्यंत पोचलं होतं, हे नाशिकची जुनी माणसं सांगतात. वेळ सांगणारी, धोका सांगणारी घंटा जणू आपल्या जुन्या कामावर परत रुजू झाली.

याच्याच जोडीला गोव्यातलं उदाहरण ठेवा. जुन्या गोव्यात सेंट ऑगस्टिनचा प्रचंड मठ होता. १८३५ साली धार्मिक पंथांवर बंदी आली, मठ ओस पडला, पुढे छत कोसळलं, आणि १९३१ साली मनोऱ्याचाही मोठा भाग पडला. त्याची घंटा? ती आधीच हलवली होती. काही वर्षं आग्वादच्या दीपगृहात होती आणि १८७१ साली पणजीच्या चर्चवर चढली. आज पणजीचं ते पांढरं चर्च पाहायला जाल तेव्हा त्याच्या माथ्यावर एका पडलेल्या इमारतीचा आवाज टांगलेला असतो.

वसई आणि गोवा, दोन्हीकडून एकच धडा मिळतो. ज्या घंटा जागच्या हलल्या त्याच वाचल्या. आपल्या किल्ल्यात सेंट जोसेफचा मनोरा उभा आहे, पण तो मुका आहे. त्याला आवाज नाही, आणि आवाजाला मनोरा नाही. दगड इथे राहिला, कांसं देशावर गेलं.

आता आपण काय करायचं

इथवर ऐकून वाटेल, की चला, घंटा तर सुरक्षित आहेत. तसं नाही. मघाशी म्हटलं होतं, की उत्तम घंटा फुटण्याच्या काठावर असते. लोलक एकाच जागी शेकडो वर्षं आपटला की तिथे झीज होते. दोरी ताणून लोलक घंटेला चिकटवून धरला तर तडा जाऊ शकतो. कुणी हौसेनं लोखंडी हातोडा घालतो. कुणी चकचकीत रंग देतो, त्यानं नाद दबतो आणि अक्षरंही बुजतात. एकदा तडा गेला की आवाज बद्द होतो, आणि साधं वेल्डिंग करून तो परत येत नाही. तीनशे वर्षं जपलेलं एका दुपारी जातं. मूर्ती भंगली तर चित्रावरून नवी घडवता येते. घंटा फुटली तर नवी घंटा होईल, आवाज तो नसेल.

आणि आपल्याकडे तर आता प्रत्येकाच्या खिशात ध्वनिमुद्रण करणारं यंत्र आहे. म्हणून माझी विनंती साधी आहे. अशा घंटेपाशी गेलात तर आधी देवस्थानच्या मंडळींची परवानगी घ्या. तोंडाचा व्यास, उंची, काठाची जाडी मोजा. अक्षरांचे फोटो तिरक्या उजेडात काढा, म्हणजे उठाव नीट दिसतो. मग एकच टोल, हलक्या हातानं, आणि नाद पूर्ण विरेपर्यंत थांबा. मुद्रण मध्येच बंद करू नका. कारण तो शेवटचा घुमणारा खर्ज, तोच तिच्या ओळखीचा मोठा भाग असतो. वसईच्या परिसरातल्या चर्चमधल्या जुन्या घंटांचंही असंच करा. दोन्हींची मापं, अक्षरं आणि स्वर शेजारी ठेवले तर कोण कुणाची नात्यातली, हे कदाचित कळू शकेल. कागद जिथे गप्प आहेत तिथे धातू बोलेल.

कथेतल्या खनिजाला नुसता हात लावला की पुरतं. आपल्या घंटेला हात लावला तर ती गप्प होते! तिला टोल द्यावा लागतो आणि मग हात मागे घेऊन ऐकावं लागतं. इतिहासाचंही मला वाटतं तसंच आहे.

प्रश्नोत्तरे

प्रश्न : या घंटा वसईला परत आणाव्यात असं तुम्हाला वाटतं का?

उत्तर : हा प्रश्न येणार हे माहीत होतं. मला तसं वाटत नाही. अडीचशेहून जास्त वर्षं त्या तिथल्या गावांच्या झाल्या आहेत. भीमाशंकरच्या माणसाच्या कानात ती त्याच्या गावाची घंटा आहे, आणि ते खोटं नाही. पण मूळ गावाला त्यांचा आवाज ऐकण्याचा हक्क आहे, असं मी जरूर म्हणेन. आवाजाचं एक बरं असतं, तो दिला तरी देणाऱ्याकडचा कमी होत नाही. इथे किल्ल्याजवळ कुठेतरी या सगळ्या घंटांचे आवाज ऐकण्याची सोय झाली, तर वसईला तिचं हरवलेलं काहीतरी मिळेल आणि कुणाचंही काही जाणार नाही.

प्रश्न : घंटेवर क्रूस असताना ती देवळात चालली कशी? कुणी आक्षेप घेतला नसेल का?

उत्तर : घेतला असेलही. पण आपल्यापुढे वस्तू आहे आणि ती सांगते की खुणा शाबूत राहिल्या. लोकांनी नाद पाहिला, असं म्हणू या. घंटेचं शुद्धीकरण वगैरे केलं असेल, पण चित्र घासलं नाही. आपल्या पूर्वजांना आपण समजतो तितक्या सगळ्या गोष्टींची अडचण होत नसावी.

प्रश्न : आमच्या घरी लाखेच्या जुन्या तबकड्या आहेत. त्यांचं काय करावं?

उत्तर : आडव्या एकावर एक रचू नका, उभ्या ठेवा. ऊन आणि ओल दोन्हींपासून जपा, वसईच्या पावसाळ्यात तर विशेष. स्पिरिट लावून पुसू नका, लाख विरघळते. आणि शक्य तितक्या लवकर कुणा जाणकाराकडून त्यांची डिजिटल प्रत करून घ्या. घंटा तीनशे वर्षं थांबेल. तबकडी हातातून निसटायला एक क्षण पुरतो.